मिठाचा हात

वहिनी आमच्या घरी आली ती ट्रंकेत साड्यांच्या घड्यांमध्ये काळ्या पाण्याची बाटली गुंडाळून घेऊन. लग्नाच्या दुसऱ्या दिवशी ट्रंक उघडली तेव्हा शेजारपाजारच्या बायका नवरीच्या साड्या पाहायला जमल्या होत्या. साड्या राहिल्या बाजूला, सगळ्यांची नजर बाटलीवर. कुणी ती उजेडात धरून पाहिली, कुणी म्हणालं खोकल्याचं औषध असेल, कुणी म्हणालं केसांचं तेल. वहिनीनं पदर सावरला आणि हळूच सांगितलं, "सोयासॉस आहे. मटणाला लावतात." बायकांनी एकमेकींकडे पाहिलं. माय तेवढी पटकन म्हणाली, "मटनाले लावते? मंग देवापासून दूर ठेवजो वं बाई." एवढ्यावर विषय संपला. मला मात्र त्याच क्षणी ती बाटली आवडली नाही. आज आमच्या शिवारात कपाशीच्या बरोबरीनं सोयाबीन उभं असतं, आणि माझे पुतणे त्याच्या भावाशिवाय दुसरं काही बोलत नाहीत. तेव्हा आमच्या रोहणा गावाच्या आसपास तो शब्द कुणी ऐकलेलाही नव्हता. तो घरात पहिल्यांदा आणला वहिनीनं. म्हणजे त्याचंही श्रेय तिलाच.

आमच्या घरात मटण आत शिजायचं नाही. आतल्या चुलीपाशी देव होते, आणि ती चूल मायची होती. मटणाची चूल गोठ्याच्या अंगाला, कडुनिंबाखाली. तिची भांडी वेगळी, पाटा-वरवंटा वेगळा, आणि त्या सगळ्यावर सत्ता बाबांची. एरवी पाण्याचा तांब्याही स्वतः न घेणारा हा माणूस मटणाच्या दिवशी पहाटेपासून धोतर खोचून बसायचा. माय आत बसून भाकरी थापायची. ती खायची आवडीनं, पण त्या भांड्यांना तिनं कधी बोट लावलं नाही. बाबांच्या हाताखाली मी असायची. खोबरं भाजायचं, खसखस वाटायची, फुंकणीनं जाळ सारखा ठेवायचा, हे सगळं माझं काम. आणि मीठ. मटणातला पहिला घास शेतातल्या देवाच्या नावानं काढून ठेवल्याशिवाय कुणी चाखायचं नाही, अशी आमच्याकडची रीत. त्यामुळे मीठ डोळ्यांच्या अंदाजानं घालावं लागे. बाबांचा अंदाज कधीतरी चुकायचा, माझा चुकायचा नाही. फ्रॉक घालत होते तेव्हापासून मिठाचा डबा त्यांनी माझ्याकडे दिला होता. पाहुणे आले की पंगतीत मोठ्यानं सांगायचे, "आमच्या घरी मिठाचा हात बेबीचा हाय." ते वाक्य ऐकण्यासाठी मी दिवसभर धुरात बसायला तयार असायचे.

आणि एकदा, फक्त एकदा, वांग्याच्या भाजीत माझ्याकडून मीठ थोडं जास्त पडलं होतं. बाबांनी पहिला घास घेतला, ताट पुढं सारलं आणि उठून गेले. रागावले नाहीत, ओरडले नाहीत. नुसते उठून गेले. माझ्या हातून असं व्हायला नको, एवढंच त्यातून मला समजायचं होतं, आणि मला ते समजलं. त्या दिवसापासून मी चुकले नाही.

दादा पुलगावला नोकरीला होता. त्याला अजून क्वार्टर मिळालं नव्हतं, म्हणून वहिनी वर्षभर आमच्यातच राहणार होती. तिचे वडील फौजेत स्वयंपाकी. त्यांच्या बदल्यांमागं हिंडत ती कुठं कुठं वाढली, आणि बोलायची ती अर्धं हिंदी, अर्धं पुस्तकातलं मराठी. वडिलांना "पप्पा" म्हणायची. मी आरशासमोर उभी राहून तो शब्द म्हणून पाहिला होता, मला जमला नाही. भाकरी तिला धड थापता येत नव्हती. एकीकडे जाड, एकीकडे पातळ, मध्ये भोक. बाबा ती भाकरी हातात धरून म्हणायचे, "सुनबाई, या भोकातून मले तळेगाव दिसून राह्यलं," आणि ती तोंडावर पदर घेऊन खुदुखुदु हसायची. मग बाबा ती भाकरी खायचे! सगळी खायचे, कडांसकट. मी बाजूला माझी गोल, पातळ, टम्म फुगलेली भाकरी घेऊन उभी. तिच्याकडे कोण बघतो? फुगलेल्या भाकरीत बघण्यासारखं काय असतं?

मला तिचा हेवा वाटायचा, सरळ सांगते. पोटात दुखेल इतका वाटायचा. ती वाईट असती तर बरं झालं असतं, पण ती चांगली होती. माझी वेणी घालायची, आपल्या पावडरच्या डब्यातली पावडर लावू द्यायची. चांगल्या माणसाचा हेवा करणं फार कष्टाचं असतं, आपल्या बाजूनं बोलायला कुणी उभं राहत नाही. बाजाराहून येताना बाबा तिच्या चहासाठी न सांगता आलं घेऊन आले, त्या दिवशी मी जेवले नाही. भूक नाही म्हणाले. कुणी दुसऱ्यांदा विचारलंही नाही.

पोळा आला. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी, करीला, आमच्याकडे मटण ठरलेलं. बाबांनीच काढलं, "सुनबाईच्या काळ्या पान्याचं काय करते ते तं पाहू एकदा." वहिनीनं सांगितलं की तिचे पप्पा बकऱ्याची मांडी त्या रसात मुरवून मेसच्या भट्टीत भाजायचे. कलकत्त्याकडे असताना एका चिनी आचाऱ्याकडून शिकले होते. पण इथं भट्टी कुठं आहे? बाबांनी क्षणभर विचार केला आणि म्हणाले, "रोडगे कशात भाजतो आपन? गोवऱ्याच्या निखाऱ्यात. त्यात मडकं पुरून देऊ." वहिनीचे डोळे असे चमकले की बाबा लाजल्यासारखे हसले. मी त्यांच्या हाताखाली इतकी वर्षं धूर खाल्ला, माझ्यासाठी त्यांनी कधी नवीन काही शोधून काढलं नव्हतं.

रस तिनं पोळ्याच्या दिवशीच करून ठेवला. त्यात मटण नव्हतं, म्हणून मायनं आतली चूल दिली. चुलीवर पुरण आटत होतं आणि तिच्या शेजारच्या वैलावर वहिनीचं पातेलं. गूळ किसून घातला, बाटलीतलं पाणी ओतलं, ठेचलेलं आलं-लसूण, मिरे, लवंगा. आधी वास आला तो काकवी करपल्यासारखा, मग त्यात काहीतरी ओळखीचं नसलेलं मिसळलं आणि माय पुरण घोटता घोटता थांबून हुंगू लागली. वहिनी जाळ बारीक ठेवून सारखी ढवळत होती, वर आलेला फेस काढून टाकत होती. रस चमच्याच्या पाठीला धरू लागला तेव्हा तिनं पातेलं उतरवलं, माझा हात ओढला आणि तळव्यावर एक थेंब टाकला. "चाख ना, बेबी." मी चाखला. आधी गोड, गुळाचं ऊन गोड, आणि मग मागून खारटपणा आला तो येतच राहिला. "देखा? म्हणून याला वरून मीठ नाही टाकायचं," वहिनी म्हणाली, "ह्यातच भरपूर असतं." मला ती चव फार आवडली. त्याचा मला आणखी राग आला.

करीच्या दिवशी उजाडतानाच पोरं दारादारात रोवलेले पळसाचे मेढे, म्हणजे फांद्या, उपटून गावाची इडापिडा घालवायला "घेऊन जा री नारबोद" ओरडत गावाबाहेर पळाली. अंगणात बाबांनी मांड्यांना सुरीनं चिरे पाडले आणि वहिनीनं तो रस बोटांनी चिऱ्याचिऱ्यात भरला. मटण दुपारपर्यंत मुरत ठेवलं. नाना काका, बाबांचे धाकटे भाऊ, केळझरहून आले होते. त्यांच्यासमोर, मडक्यात मटण रचून झाल्यावर, बाबांनी मिठाचा डबा उचलला. मी सवयीनं हात पुढं केला. बाबा माझ्या हातावरून वहिनीकडे वळले आणि म्हणाले, "आज मिठाचा हात सुनबाईचा."

माझा हात तसाच पुढं राहिला. नाना काकांनी तो पाहिला असावा, कारण त्यांनी घाईघाईनं माझ्याकडे विडी पेटवायला निखारा मागितला. वहिनी सासऱ्यासमोर काय बोलणार? त्यांनी दिलेला मान परत कसा करणार? तिनं डबा घेतला, त्याला हात लावून कपाळाला लावला, आणि मीठ न घेताच खाली ठेवला. "झालं, बाबा," म्हणाली. माझ्याकडे पाहून हसली, कारण आम्हां दोघींनाच ते ठाऊक होतं. तेवढ्यात शेजारच्या बायकांनी तिला तान्ह्या पोळ्याला, पोरांचे लाकडी बैल ओवाळायला, हाक मारली आणि ती हात धुऊन निघून गेली. नाना काका बैल पाहायला गोठ्यात गेले.

बाबांनी इकडंतिकडं पाहिलं. मग डबा उघडला आणि चांगलं मूठभर मीठ मडक्यात सोडलं.

मी ओरडलेच. "बाबा, नोका टाकू! त्या रसातच मीठ हाय. वहिनीनं सांगतलं मले."

बाबांनी माझ्याकडे पाहिलं. रागानं पाहिलं असतं तर चाललं असतं. कीव आल्यासारखं पाहिलं. "बेबे, जळू नोको वं तिच्यावर," ते हळू आवाजात म्हणाले. "पोरगी लाजली, मिठाले हात नाई लावला तिनं. अळनी झालं तं चार लोकांत तिची फजिती होईन. तू कोनाले बोलू नोको."

म्हणजे माझा हेवा घरात सगळ्यांना ठाऊक होता. मी तो मनात लपवला आहे असं समजत होते, आणि तो बाबांना इतका स्पष्ट दिसत होता की माझा खरा शब्दही त्यांना हेव्यातला वाटला. मी तिथून उठले आणि गोवऱ्या आणायच्या निमित्तानं मागच्या छपरीत जाऊन रडले. तोंड पुसून टोपली भरून परत आले, तर बाबा कणीक आणायला आत गेलेले, आणि चुलीपाशी माय उभी! माझी माय, जिनं जन्मात त्या भांड्यांना बोट लावलं नव्हतं, पदर खोचून मटणाच्या मडक्यावर वाकलेली. तिची मूठ उघडली आणि मीठ आत पडलं.

"माय!"

"श्श्," माय दचकून म्हणाली. "खिडकीतून पाह्यलं मी. लेकरानं मीठ घेतलंच नाई. नवीन हाय, घाबरली असन."

"बाबानं टाकलं ना आत्ताच! अन् रसात अगोदरच हाय."

माय आपल्या रिकाम्या तळव्याकडे बघत राहिली. "हाय राम, यायनं टाकलं का?" मग तिनं हात पदराला पुसला. "आता झालं ते झालं. तिले नोको सांगू, दिवसभर घोर लावून घेईन." आणि बाबांची चाहूल लागताच ती लगबगीनं आत गेली. बाबांनी मडक्यावर परात ठेवली, कडेनं कणीक लिंपली, मडकं निखाऱ्यांत पुरलं. नंतर दोन-तीन तास ती कणीक भाजत राहिली आणि अंगणभर असा वास सुटला की गल्लीतली माणसं फाटकाशी थांबून विचारू लागली. बाबा प्रत्येकाला सांगत होते, "आमच्या सुनबाईचं हाय."

दिवस असतानाच पंगत बसली. बाबा, नाना काका, सकाळीच पुलगावहून आलेला दादा. मी वाढत होते. मडकं फोडलं तेव्हा आतलं मटण काळंभोर, तकतकीत निघालं, हाडापासून सुटून येत होतं. देवाचा घास काढला. मग नाना काकांनी पहिला घास घेतला आणि त्यांचा जबडा चालता चालता थांबला. डोळ्यांत पाणी आलं. त्यांनी बाबांकडे पाहिलं. बाबांनी स्वतःचा घास गिळला, एकदा खाकरले, आणि दाराआड उभ्या असलेल्या वहिनीला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाले, "वा! याले म्हनते चव." नाना काकांना इशारा पुरला. "असं आपन नागपुरातही नाई खाल्लं, वहिनी," ते मायला म्हणाले आणि तांब्या तोंडाला लावला. दादा खाली मान घालून भाकरीचे मोठे मोठे घास करत होता. मी पाणी वाढून वाढून दमले. घागर संपली, दुसरी आणली. कुणी ताट सारलं नाही. बाबांनी तर दुसऱ्यांदा मागून घेतलं. हाड चोखलं. वांग्याच्या भाजीवरून उठून गेलेला माझा बाप ते खारट ढोण हाड मिटक्या मारत चोखत होता, आणि मी समोर पाण्याचा तांब्या घेऊन उभी होते. त्या दिवशी वाटला तेवढा हेवा मला पुढं आयुष्यात कुणाचाही वाटला नाही.

मग आम्ही बायका बसलो. वहिनीनं एक घास घेतला. तिचा चेहरा उतरला. तिनं मायकडे पाहिलं, माय मुकाट्यानं खात होती. मग तिनं माझ्याकडे पाहिलं, आणि तिच्या मनात काय आलं ते मला लख्ख दिसलं. मीठ घालायचं नाही हे तिनं एकट्या मलाच सांगितलं होतं. भांडी घासायला आम्ही दोघी बसलो तेव्हा तिनं माझ्या दंडावर आपला ओला हात ठेवला. "जाऊ दे, बेबी," ती म्हणाली, "मी कुणाला नाही सांगणार. मला समजतं."

जे मी केलंच नव्हतं ते तिनं मला माफ करून टाकलं! आणि मायबापाचं नाव न घेता मला तोंड उघडता येत नव्हतं. मी हातातला घासायचा गंज तसाच टाकून उठले आणि निखारे विझवत बसलेल्या बाबांसमोर जाऊन उभी राहिले.

"खारट होतं," मी म्हणाले.

"होतं," बाबा म्हणाले.

"तुमी मीठ टाकलं, मायनं टाकलं, अन् वहिनीले वाटते मी टाकलं."

बाबांनी वर पाहिलं. "तुह्या मायनंही टाकलं?" त्यांना हसू आलं, पण माझं तोंड पाहून ते थांबले. "सांगतो मी तिले सकाळी. तुह्यावर नाई येऊ देत."

"माह्या हातचं असं झालं असतं तं तुमी खाल्लं असतं?"

बाबा निखाऱ्यांवर राख ओढत राहिले. मग म्हणाले, "नाई."

"काऊन?"

"तू आमची हायस म्हून."

"अन् ते?"

"ते दुसऱ्याची पोर हाय, बेबे. आपल्या भरवशावर आली. दुसऱ्याच्या पोरीचं सांभाळून घ्या लागते."

"मंग माहं कोन सांभाळून घेईन?"

गोठ्यात बैल गळ्यातल्या घंटा हलवत होते. माझ्याकडे न बघता बाबा म्हणाले, "तेच तं पाहून राह्यलो ना वं. नाना उगाच नाई आला केळझरहून. दोन घरं सांगून राह्यला तो. मी त्याले म्हनलं, शेती कमी असली तं चालन. माह्या पोरीच्या हातचं खारट मुकाट्यानं खाईन, असं घर पाह्य."

बाबांनी सकाळी शब्द पाळला. वहिनीला समोर बसवून सांगितलं, मायनंही पदराआडून आपलं कबूल केलं, आणि तिघं डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसले. वहिनीनं मला मिठी मारली. मीही हसले, पण उशिरा.

दोन पोळ्यांनंतर माझं लग्न झालं. घर बाबांनी पारखून दिलं, त्याला नाव ठेवायला मला आजही जागा नाही. सासरी पहिल्या दिवशी मी चुलीपुढं बसले, मिठाचा डबा हातात घेतला, आणि अंदाजानं जेवढं हवं तेवढंच मीठ घातलं. दुसऱ्या दिवशीही तसंच. इतकी वर्षं झाली, सासू-सासरे गेले, नातसुना आल्या, माझ्या हातून मीठ कधी चुकलं नाही. एकदा मुद्दाम चुकवावं असं मनात यायचं. मूठ भरायची, पातेल्यावर न्यायची, आणि हात आपोआप जास्तीचं मीठ परत डब्यात सोडायचा. त्यामुळे त्या घरानं माझं खारट मुकाट्यानं खाल्लं असतं की नाही, हे मला आजपर्यंत कळलेलं नाही. वहिनीला ते पहिल्याच पोळ्याला कळलं होतं.